हरवलेला शब्द



घरातले तान्हे मूल पहिला शब्द बोलते, तेव्हा संध्याकाळपर्यंत ती बातमी सगळ्या आळीला कळलेली असते. मग तो शब्द ‘मंमं’ असो, ‘काऊ’ असो की ‘दादा’. आजी तो पुन्हापुन्हा वदवून घेते. आल्यागेल्याला ऐकवते.

पण एखाद्या घरात उलटेच घडते. आलेले शब्द एकेक करून नाहीसे होतात. महिन्यापूर्वी ‘काऊ’ म्हणून बोट दाखविणारे मूल आज गप्प असते. कोणी म्हणते नजर लागली. कोणी म्हणते, थांबा, त्याचे बाबाही उशिराच बोलले. आईच्या मनात मात्र एकच प्रश्न घोळत असतो : माझे मूल गेले कुठे?

या प्रश्नाकडे पाहताना हेलन केलर यांचे जीवन आठवते. आंधळी आणि बहिरी मुलगी शिकून पदवीधर झाली, जगप्रसिद्ध झाली, एवढे आपण शाळेत ऐकलेले असते. पण ही मुलगी जन्मतः आंधळी वा बहिरी नव्हती. ती बोलू लागली होती आणि तिचे शब्द हरवले होते, हा भाग आपण सहसा विसरतो. आज तोच भाग जरा सावकाश पाहू.

पहिले एकोणीस महिने

हेलनचा जन्म २७ जून १८८० रोजी अमेरिकेतील अलाबामा राज्यात, टस्कम्बिया या लहानशा गावी झाला. वडील आर्थर केलर हे यादवी युद्धात दक्षिणेच्या बाजूने लढलेले कॅप्टन. पुढे ते एका वृत्तपत्राचे संपादक झाले. आई केट ही त्यांची दुसरी पत्नी, वयाने त्यांच्याहून बरीच लहान. हेलन हे केटचे पहिले मूल, त्यामुळे तिच्या प्रत्येक हालचालीचे घरात कौतुक होते.

घरच्यांच्या आठवणीप्रमाणे सहा महिन्यांची असतानाच ती बोबड्या बोलीत लोकांना ‘कसे आहात’ असे विचारल्यासारखे करी. चहाचे नावही तिला घेता येत असे. पाण्याला ती ‘वा-वा’ म्हणे. इंग्रजीतील ‘वॉटर’ या शब्दाचे हे तिच्या जिभेला झेपेल असे रूप. वर्षाची झाली त्या दिवशी जमिनीवर पानांच्या सावल्या हलत होत्या. त्या धरायला ती आईच्या मांडीवरून उतरली आणि जवळजवळ धावतच निघाली. मग पडली आणि रडली. कोणत्याही घरात घडावे असेच हे सारे होते.

फेब्रुवारी १८८२ मध्ये, हेलन एकोणीस महिन्यांची असताना, तिला जबर ताप आला. मूल वाचणार नाही, असे डॉक्टरांनी सांगितले. पण एके दिवशी पहाटे ताप जसा आला तसाच उतरला. घरात आनंदीआनंद झाला. आपल्या मुलीचे काय हिरावले गेले आहे हे त्या सकाळी कोणालाच, डॉक्टरांनाही, कळले नाही. हळूहळू आईच्या लक्षात आले. घंटा वाजली तरी मुलगी मान वळवीत नव्हती आणि डोळ्यांपुढून हात नेला तरी पापणी लवत नव्हती.

तो बहुधा मेंदूज्वर असावा, असे आजचे वैद्यकीय अभ्यासक म्हणतात. त्या काळी त्यावर ना औषध होते ना लस. आज त्यातल्या काही जंतूंविरुद्धच्या लसी आपल्या बाळांना सरकारी दवाखान्यात मोफत मिळतात. म्हणून लसीकरणाचे कार्ड जपून ठेवा आणि तारखा चुकवू नका.

हेलनची जीभ आणि घसा शाबूत होता. तरीही शब्द गेले, कारण मूल ऐकून बोलते. दुसऱ्याचे ऐकते तसेच स्वतःचेही ऐकते. ऐकणे थांबले की नुकत्याच रुजलेल्या रोपाचे पाणी तोडल्यासारखे होते. हेलनचे सारे शब्द असे सुकले. एकच तेवढा राहिला. आजारानंतरही ती पाण्यासाठी ‘वा-वा’ असा काहीसा आवाज काढीत असे.

साठ खुणा

पुढची पाच वर्षे हेलन अंधारात आणि शांततेत वाढली. पण ती गप्प बसली नाही. मान हलविली की नाही, डोलावली की हो, ओढले की ये आणि ढकलले की जा. पाव हवा असेल तर ती सुरीने कापून लोणी लावल्याची खूण करी. आईस्क्रीम हवे असेल तर यंत्राचा दांडा फिरविल्यासारखे करून थंडीने कुडकुडून दाखवी. वडिलांसाठी खूण होती चष्मा लावण्याची. अशा साठेक खुणा तिने स्वतःच तयार केल्या होत्या. स्वयंपाकिणीची मुलगी मार्था वॉशिंग्टन ही तिची सोबतीण. तिला त्या खुणा चांगल्या कळत.

मात्र इतर माणसे खुणा न करता ओठ हलवितात, हे हेलनला हाताने चाचपून कळले होते. दोघांच्या मध्ये उभी राहून ती त्यांच्या ओठांवर बोटे ठेवी. मग आपलेही ओठ हलवून पाही. काहीच घडत नसे. तेव्हा ती संतापाने लाथा झाडी आणि थकेपर्यंत किंचाळत राही. एकदा तिने आईला कोठीत कोंडून बाहेरून कुलूप लावले. आई दार बडवीत होती आणि त्या हादऱ्यांची गंमत घेत ही बाहेर पायरीवर बसून हसत होती. १८८६ साली धाकटी बहीण मिल्ड्रेड जन्मली. आपल्या बाहुलीच्या पाळण्यात ती झोपलेली आढळताच हेलनने पाळणा उलथून टाकला. आई वेळेवर पोहोचली म्हणून बाळ वाचले.

लोक तिला वेडी म्हणत. पण आपण जरा थांबून विचार करू. ज्या मुलीला सांगायचे काहीच नाही ती साठ खुणा कशाला तयार करील? तिचा तो आरडाओरडाही एक प्रकारचे बोलणेच होते. आत कोणीतरी दार ठोठावीत होते.

आईने आशा सोडली नाही. लॉरा ब्रिजमन या आंधळ्या-बहिऱ्या मुलीला बॉस्टनच्या पर्किन्स संस्थेत शिकविल्याची हकिकत तिने चार्ल्स डिकन्स यांच्या प्रवासवर्णनात वाचली होती. लॉरानेही वयाच्या दुसऱ्या वर्षी आजारपणातच डोळे, कान आणि नुकतेच आलेले शब्द गमावले होते. १८८६ मध्ये केलर कुटुंब मुलीला घेऊन बाल्टिमोरला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी वॉशिंग्टनला अलेक्झांडर ग्रॅहम बेल यांच्याकडे पाठविले. टेलिफोनचे जनक म्हणून आपण त्यांना ओळखतो, पण ते मुळात बहिऱ्यांचे शिक्षक होते. त्यांची आई आणि पत्नी दोघींनाही ऐकू येत नसे. पर्किन्स संस्थेला पत्र लिहा, असा सल्ला त्यांनी दिला आणि तेथून एक शिक्षिका निघाली.

शिकविणारी

अ‍ॅन सलिव्हन तेव्हा अवघी वीस वर्षांची होती. गरीब आयरिश स्थलांतरितांची ही मुलगी. लहानपणी खुपऱ्यांमुळे तिची दृष्टी जवळजवळ गेली. आई वारली, वडिलांनी मुलांना सोडले. १८७६ साली अ‍ॅन आणि तिचा धाकटा भाऊ जिमी यांना ट्यूक्सबरी येथील सरकारी गरीबखान्यात ठेवण्यात आले. तेथे काही महिन्यांतच जिमी मरण पावला. चौदा वर्षांची होईपर्यंत अ‍ॅनला लिहितावाचता येत नव्हते. १८८० मध्ये ती पर्किन्स संस्थेत आली आणि सहा वर्षांनी आपल्या वर्गात पहिली येऊन बाहेर पडली. शस्त्रक्रियांमुळे तिला थोडेफार दिसू लागले होते.

त्याच संस्थेत आता प्रौढ झालेली लॉरा ब्रिजमन राहत होती. तिच्याशी बोलण्यासाठी अ‍ॅन बोटांची लिपी शिकली. एका हाताच्या बोटांनी एकेक अक्षर करायचे आणि ते दुसऱ्याच्या तळहातात उमटवायचे. या लिपीची कुळकथा आपल्याला जवळची वाटेल. सोळाव्या शतकात स्पेनमध्ये पेद्रो पोन्से दे लेओन या बेनेडिक्टाइन संन्याशाने बहिऱ्या मुलांना शिकविण्यास सुरुवात केली. १६२० साली हुआन पाब्लो बोनेत यांनी हाताची अक्षरे पुस्तकात छापली. पुढे फ्रान्समध्ये अ‍ॅबे द लेपे या धर्मगुरूने बहिऱ्या मुलांसाठी शाळा काढली. तेथून ही विद्या अमेरिकेत पोहोचली. बहिऱ्यांना शिकविता येणार नाही असे जग म्हणत असताना या माणसांनी त्यांच्याजवळ बसून पाहिले होते.

पाण्याची धार

३ मार्च १८८७ रोजी अ‍ॅन टस्कम्बियाला आली. तिने हेलनला एक बाहुली दिली. ती पर्किन्सच्या मुलींनी पाठविली होती आणि तिचे कपडे लॉराने शिवले होते. बाहुली हातात देऊन अ‍ॅनने तिच्या तळहातात बाहुलीच्या नावाची अक्षरे काढली. हेलनने ती लगेच जशीच्या तशी करून दाखविली. पण तो तिला बोटांचा खेळ वाटला. ते बाहुलीचे नाव आहे, हे तिला ठाऊक नव्हते. मुळात वस्तूंना नावे असतात हेच ती विसरली होती.

पहिले दिवस भांडणात गेले. जेवणाच्या टेबलाभोवती फिरून हेलन प्रत्येकाच्या ताटातले हाताने उचलून खात असे आणि दया येऊन कोणी तिला अडवीत नसे. अ‍ॅनने सर्वांना बाहेर जायला सांगून दार लावून घेतले. स्वतःच्या बशीतले चमच्याने खाणे आणि हातरुमालाची घडी घालणे, एवढ्यासाठी त्या दोघींची बराच वेळ झटापट चालली. नंतर अ‍ॅन हेलनला घेऊन दोन आठवडे आवारातल्या छोट्या घरात वेगळी राहिली.

५ एप्रिल १८८७. पेला आणि पेल्यातले पाणी यांत हेलनची सारखी गल्लत होत होती. शिकविणे असह्य होऊन तिने नवी बाहुली आपटून फोडली. तिला त्याचे ना दुःख झाले ना पश्चात्ताप. अ‍ॅन तिला घेऊन अंगणातल्या विहिरीकडे गेली. तेथे हनीसकलच्या फुलांचा वास येत होता आणि कोणीतरी हातपंप मारीत होते. अ‍ॅनने हेलनचा एक हात धारेखाली धरला आणि दुसऱ्या हातात पाण्याचे नाव लिहिले. आधी सावकाश, मग भरभर. हेलन स्तब्ध उभी राहिली. काहीतरी विसरलेले परत येत आहे असे आपल्याला वाटले, असे त्यांनी पुढे आत्मचरित्रात लिहिले.

किती विलक्षण गोष्ट! परत आलेला पहिला शब्द पाणी हाच होता. तापातून वाचलेला एकुलता एक शब्द. ते पहिले एकोणीस महिने वाया गेले नव्हते. आईने केलेले लाड, घरातले बोलणे, अंगाई हे सारे कुठेतरी खोल जपले गेले होते.

हेलनने लगेच जमिनीला हात लावून तिचे नाव विचारले. मग पंपाचे, मग शिक्षिकेचे. रात्रीपर्यंत तिला तीसेक शब्द आले होते. घरात शिरताच तिला फोडलेली बाहुली आठवली. ती तुकडे जोडू लागली. ते जुळेनात, तेव्हा तिला रडू आले. शब्द आला आणि त्याच्या मागोमाग पश्चात्तापही आला.

बाळाशी बोलावे तसे

विहिरीचा हा प्रसंग नाटका-चित्रपटांत गाजला. मला त्यानंतरचा आठवडा अधिक महत्त्वाचा वाटतो. हेलनच्या नात्यात एक पंधरा महिन्यांचे बाळ होते. अ‍ॅनने त्याचे निरीक्षण केले. बाळाला फारसे बोलता येत नव्हते, पण सांगितलेले बरेच कळत होते. कोणी त्याला धडे देत नव्हते. सगळे त्याच्याशी नुसते बोलत होते.

अ‍ॅनने ठरविले की ठरावीक वेळेचे धडे बंद करायचे. आई बाळाच्या कानात बोलते तसे आपण हेलनच्या हातात बोलायचे. पूर्ण वाक्यांत बोलायचे. तिला कळो न कळो, कपडे घालताना, जेवताना, शेतात फिरताना बोलायचे. उत्तराची सक्ती करायची नाही. काही महिन्यांत हेलनला शेकडो शब्द आले आणि ती स्वतः वाक्ये जुळवू लागली.

आपणही तान्ह्या बाळाला स्नानसंस्काराच्या वेळी नावाने हाक मारतो. ते ओ देणार नाही हे ठाऊक असूनही मारतो. आधी हाक आणि मग उत्तर, हाच भाषेचा क्रम आहे.

परत न आलेला आवाज

१८९० साली हेलनने बॉस्टनमध्ये सेरा फुलर या शिक्षिकेकडे तोंडाने बोलण्याचे धडे घेतले. शिक्षिकेच्या ओठांवर, जिभेवर, गळ्यावर बोटे ठेवून ती एकेक ध्वनी शिकली. पुढे तिने जन्मभर सराव केला आणि हजारो लोकांपुढे भाषणे केली. तरीही तिचे बोलणे परक्या माणसाला सहज कळत नसे. सोबतच्या व्यक्तीला ते पुन्हा सांगावे लागे. याची खंत त्यांना अखेरपर्यंत होती. हरवलेले सगळेच परत मिळते असे नाही. पण परत मिळाले त्यावर त्या किती दूर गेल्या! १९०३ मध्ये आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. १९०४ मध्ये रॅडक्लिफ कॉलेजातून विशेष गुणवत्तेसह त्या पदवीधर झाल्या. पदवी मिळविणाऱ्या त्या पहिल्या आंधळ्या-बहिऱ्या व्यक्ती. त्यांच्या शेजारी बसून वर्गातली व्याख्याने आणि कित्येक पुस्तके अ‍ॅनने अक्षर-अक्षर करून त्यांच्या हातात उतरविली होती. तेही स्वतःचे डोळे दुखत असताना.

एक चूक

मोठ्या माणसांच्याही चुका सांगाव्यात. १९१५ साली शिकागो येथे व्यंग घेऊन जन्मलेल्या एका अर्भकावर शस्त्रक्रिया करण्यास डॉक्टराने नकार दिला आणि ते बाळ मरण पावले. हेलन केलर यांनी त्या डॉक्टराची बाजू घेणारे पत्र एका नियतकालिकात लिहिले. अशा बाळांचे काय करायचे हे डॉक्टरांच्या मंडळाने ठरवावे, असे त्यांचे मत होते. वाचून मन खिन्न होते. असाच निवाडा टस्कम्बियाच्या त्या किंचाळणाऱ्या मुलीबद्दल कोणी केला असता तर?

याचे मूळ त्यांच्या एका विचारात असावे. शिक्षिका येण्यापूर्वी आपण आहोत हेसुद्धा आपल्याला ठाऊक नव्हते, असे त्यांनी १९०८ च्या एका पुस्तकात लिहिले आहे. माणूस म्हणजे भाषा असलेला प्राणी, असे अ‍ॅरिस्टॉटलनेही म्हटले होते. पण भाषा नाही म्हणून माणूस नाही, असा त्याचा अर्थ आपण काढू लागलो तर घात होतो. हेलन केलर यांचे जीवनच त्यांच्या त्या पत्राला उत्तर देते. सहा वर्षांच्या त्या मुलीचे शब्द हरवले होते. ती स्वतः हरवली नव्हती. खुणा करणारी, आईला कोंडून हसणारी, बहिणीचा मत्सर करणारी एक पूर्ण व्यक्ती तेथे होती. अ‍ॅनने तिला माणूस बनविले नाही. ती तेथे असलेल्या माणसापर्यंत पोहोचली.

अखेरची वर्षे

१९२४ पासून त्या अंधांसाठी काम करणाऱ्या अमेरिकेतील राष्ट्रीय संस्थेसाठी झटल्या. १९३६ मध्ये अ‍ॅन वारली, तेव्हा हेलनने तिचा हात धरलेला होता. त्यानंतर पॉली थॉमसन या सोबतिणीबरोबर त्यांनी देशोदेशी प्रवास केला. १९५५ साली, वयाच्या ७४ व्या वर्षी, त्या भारतात आल्या. मुंबईलाही त्यांनी भेट दिली. दिल्लीत पंडित नेहरूंचा चेहरा त्यांनी बोटांनी पाहिला. १ जून १९६८ रोजी, ८८ वा वाढदिवस काही दिवसांवर असताना, त्यांचे निधन झाले. वॉशिंग्टनच्या कॅथेड्रलमध्ये अ‍ॅन आणि पॉली यांच्या शेजारी त्यांची रक्षा ठेवलेली आहे. त्यांच्या नावाची बहिऱ्या आणि आंधळ्या-बहिऱ्या मुलांसाठीची संस्था १९७७ मध्ये मुंबईत सुरू झाली.

आपल्या घरासाठी

आलेले शब्द मुलाने गमावले तर महिनोन्‌महिने वाट पाहू नका. बालरोगतज्ज्ञांना दाखवा आणि कानांची तपासणी करून घ्या. कारणे अनेक असतात. कधी कानात द्रव साठून ऐकू कमी येते, कधी मेंदूज्वर होऊन गेलेला असतो, क्वचित फिट येण्याचा विकार असतो. स्वमग्न मुलांपैकी काहींच्या बाबतीत साधारण सव्वा ते अडीच वर्षांच्या दरम्यान आलेले शब्द मावळतात. यात आईचा दोष नसतो आणि नजरही लागलेली नसते. २०१३ साली सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात अंगणवाडीतच मुलांची तपासणी होते. वांद्र्याला अली यावर जंग राष्ट्रीय संस्थेत ऐकण्या-बोलण्याच्या अडचणींवर मार्गदर्शन मिळते. मूल हाताने बोलणार असेल तर त्याच्याबरोबर हातांची भाषा शिका. त्यात लाज कसली?

आणि मुलाशी बोलणे थांबवू नका. मोबाइलही बोलतो, पण तो मुलाच्या उत्तराची वाट पाहत नाही. ती वाट आपणच पाहायची असते. आळीत असे एखादे घर असेल तर सल्ला देण्याआधी त्या मुलाजवळ बसा आणि त्याला नावाने हाक मारा. ओ आली नाही तरी उद्या पुन्हा मारा. ते मूल तेथेच आहे.